बळी, बलिदान आणि झारीतला शुक्राचार्य

दिवाळी जवळ आली की कोपरगावात ट्रॅव्हल्सवाल्यांच्या कार्यालयांबाहेर राजस्थान सहलीचे फलक लागतात. जयपूर, उदयपूर, जोधपूर, जैसलमेर. राहणे, नाश्ता आणि रात्रीचे जेवण समाविष्ट. एवढ्या घाईत एकेका शहराच्या वाट्याला अर्धा दिवसच येतो. सकाळी किल्ला, मग एखादी हवेली, एखादा तलाव, तासभर बाजार आणि शक्य झाले तर संध्याकाळी वाळूत उंटावरची फेरी. सोबत गाईड असतो. तो जे दाखवील ते पाहायचे, तो जे सांगेल ते ऐकायचे आणि पुढच्या बसमध्ये बसायचे.

या सहलींत आता आपली माणसेही दिसतात. शिक्षक, नर्स, वकील, बँकेतले कर्मचारी, एस.टी.तले वाहक. वस्तीतली पहिली नाहीतर दुसरी शिकलेली पिढी. आम्हाला याचा आनंद आहे, तो आधीच सांगून टाकतो. ज्यांच्या आजोबा-पणजोबांना गावकीचा सांगावा घेऊन उन्हातान्हात अनवाणी पळावे लागत होते, त्यांची नातवंडे स्वतःच्या पैशाने आणि स्वतःच्या मर्जीने देश पाहायला निघतात, हा चळवळीचाच विजय आहे. त्यामुळे सहलीला नावे ठेवण्यासाठी आम्ही हे लिहीत नाही. त्या अर्ध्या दिवसात आपल्या आणि आपल्या मुलांच्या कानांवर जो इतिहास पडतो, त्याबद्दल आम्हाला बोलायचे आहे. शाळेतले पुस्तक मुले परीक्षेपुरती वाचतात आणि विसरतात. प्रत्यक्ष दगडापुढे उभे राहून ऐकलेली गोष्ट मात्र जन्मभर लक्षात राहते. म्हणूनच ती गोष्ट कोणाच्या बाजूने सांगितली जाते, हा प्रश्न महत्त्वाचा आहे.

एक किल्ला, दोन बलिदाने

जोधपूरचेच उदाहरण घेऊ. थरच्या वाळवंटाच्या तोंडावरचे हे शहर. राव जोधाने मंडोरहून राजधानी हलवली आणि १४५९ मध्ये इथल्या उंच टेकडीवर मेहरानगड किल्ल्याचा पाया घातला. या पायाची जी कथा सांगतात ती अशी. टेकडीवर चिडियानाथ नावाचा साधू राहत होता. किल्ल्यासाठी त्याला तिथून उठवले. तो जाताना शाप देऊन गेला की इथे पाण्याचे दुर्भिक्ष पडेल. वाळवंटात याहून भयंकर शाप कोणता? मग त्या शापावर उतारा म्हणून पायात एक जिवंत माणूस पुरण्यात आला. त्याचे नाव राजाराम मेघवाल. मेघवाल म्हणजे चामड्याच्या आणि विणकामाच्या कामाला बांधलेली, अस्पृश्य ठरवलेली जात. किल्ल्यात त्याच्या नावाचा दगड आहे. बदल्यात त्याच्या कुटुंबाला जमीन दिल्याचेही सांगतात.

आता शब्द पाहा. राजारामने ‘स्वेच्छेने बलिदान’ दिले, असे सांगितले जाते. ऐकणाऱ्यांचे हात जोडले जातात, कोणी फोटो काढतो आणि मंडळी पुढे सरकतात.

त्याच किल्ल्याच्या लोहापोळ दरवाज्याशी भिंतीवर शेंदूर लावलेले हातांचे छोटे छोटे ठसे आहेत. १८४३ मध्ये महाराजा मानसिंह वारला तेव्हा त्याच्या चितेवर गेलेल्या स्त्रियांचे ते ठसे. इथेही तेच शब्द येतात. स्वेच्छा, निष्ठा, त्याग, बलिदान. इथेही हात जोडले जातात.

एकाच किल्ल्यात दोन ठिकाणी ‘स्वेच्छेने’ मेलेली माणसे भेटतात. एका ठिकाणी अस्पृश्य पुरुष, दुसऱ्या ठिकाणी अंतःपुरातल्या स्त्रिया. राजा मात्र स्वेच्छेने कुठेच पायात पुरून घेताना दिसत नाही. शाप राजाला मिळाला होता, किल्ला राजाचा होता, साधूला उठवले तेही राजानेच. मग उतारा मेघवालाच्या जिवाचा का? हा प्रश्न अर्ध्या दिवसाच्या सहलीत बसत नाही.

स्वेच्छा ओळखण्याची एक साधी कसोटी आहे. त्या माणसाने ‘नाही’ म्हटले असते तर काय झाले असते? ज्याला नाही म्हणण्याची मुभा आहे, त्याच्याच होकाराला काही अर्थ असतो. पंधराव्या शतकातल्या मेघवालाला राजापुढे नाही म्हणता आले असते का? नवरा मेल्यावर राजवाड्यातल्या स्त्रीला, सगळे दरबारी डोळे लावून बसलेले असताना, मागे फिरता आले असते का? जिथे नकार शक्य नाही तिथे बलिदान नसते. तिथे बळी असतो. बलिदान माणूस स्वतः करतो. बळी घेणारा दुसरा असतो आणि त्याला नाव असते. ‘बलिदान’ म्हटले की ते नाव वाक्यातून गळून पडते. मरणाऱ्याची स्तुती होते आणि मारणारा निर्दोष सुटतो.

बाबासाहेबांनी ही फसवणूक फार लवकर ओळखली होती. ९ मे १९१६ रोजी कोलंबिया विद्यापीठात त्यांनी भारतातील जातींवर निबंध वाचला तेव्हा ते पंचवीस वर्षांचे होते. सती, सक्तीचे वैधव्य आणि बालविवाह या तिन्ही चाली जातीच्या आतच लग्न लावण्याची कुंपणे टिकवण्यासाठी कशा उपयोगी पडल्या, हे त्यांनी त्यात मांडले. या चालींचा गौरव करणारे तत्त्वज्ञान नंतर चिकटवले गेले, हेही दाखवले. आधी गरज, मग सक्ती आणि शेवटी गौरव, असा हा क्रम आहे. गाईड आपल्याला थेट तिसऱ्या पायरीवर नेऊन उभा करतो. ही जुनी गोष्ट म्हणून सोडून द्यावी अशीही नाही. राजस्थानातच देवराला गावात ४ सप्टेंबर १९८७ रोजी अठरा वर्षांची विवाहिता नवऱ्याच्या चितेवर जळाली, आणि तिच्या नावाने जयजयकार करायला गर्दी लोटली. त्यानंतर केंद्र सरकारला सती प्रतिबंधक कायदा करावा लागला. सतीचे उदात्तीकरण हाही त्या कायद्याने गुन्हा आहे. कायद्याने गुन्हा ठरलेली भाषा भिंतीपुढे उभे राहिले की पुन्हा संस्कृती होते.

आपल्या घरातला पाया

इथपर्यंत वाचून कोणी म्हणेल, हे तिकडचे, राजपुतान्याचे. आपल्याकडे असे नाही. मित्रांनो, आपल्याकडे पुरंदर आहे. त्या किल्ल्याच्या शेंदऱ्या बुरुजाचे बांधकाम सारखे ढासळत होते, म्हणून महाराचा मुलगा आणि सून पायात जिवंत पुरले, मग बुरुज उभा राहिला आणि बदल्यात इनाम मिळाले, अशी कथा आहे. जोधपूरच्या कथेचा सांगाडा आणि हिचा सांगाडा एकच. वर किल्ला, खाली अस्पृश्य आणि मोबदल्यात जमीन.

इथे आम्हाला आपल्याच माणसांशी थोडे भांडायचे आहे. ही पुरंदरची कथा आपल्या काही सभांमधून अभिमानाने सांगितली जाते. आमच्या पूर्वजांच्या बलिदानावर हे गड उभे आहेत, असे वक्ता म्हणतो आणि टाळ्या पडतात. त्या अभिमानामागची तळमळ आम्ही समजू शकतो. ज्या समाजाचे नाव इतिहासाने कुठेच लिहिले नाही, तो समाज जिथे नाव सापडेल तिथे हात टेकतो. मेघवाल समाजही राजारामचे स्मरण ठेवतो आणि त्याने ते ठेवलेच पाहिजे. त्याचे निदान नाव तरी उरले. कितीतरी जण नावाशिवाय मातीत गेले असतील.

पण स्मरण एक आणि मालकाची भाषा उचलणे दुसरे. ‘बलिदान’ हा शब्द पुरणाऱ्याचा आहे. पुरल्या गेलेल्याचा शब्द आपल्यापर्यंत पोचलेलाच नाही. त्या मुलाने आणि सुनेने शेवटच्या क्षणी काय म्हटले, हे कोणत्याही कथेत नाही. कथेत आहे ते राजाचे समाधान आणि इनामाचा हुकूम. आपण त्या हुकमाचा अभिमान बाळगायचा का?

जमिनीच्या मोबदल्याकडेही नीट पाहा. देहाच्या बदल्यात वंशपरंपरा जमीन, आणि जमिनीच्या बदल्यात वंशपरंपरा चाकरी. याच व्यवहाराला आपल्याकडे महारवतन म्हणत. ते ‘मान’ म्हणून मिरवले जाई. गावचा पहिला मान महाराचा, अमुक सणाला अमुक हक्क, बावन्न हक्कांची सनद! बाबासाहेबांनी १९२८ मध्ये मुंबई कायदे कौन्सिलात वतनाच्या १८७४ च्या कायद्यात दुरुस्ती करणारे विधेयक मांडले. महार चोवीस तास सरकारचा आणि गावाचा बांधील, मोबदला तुटपुंजा, आणि त्या तुकड्यापायी स्वाभिमान गहाण, हे त्यांनी उघड केले. आपल्यातल्याच काहींना तेव्हा ते पटले नव्हते, कारण जमीन जाईल ही भीती होती आणि ‘मान’ जाईल हेही दुःख होते. बाबासाहेबांनी त्या मानाला बेडी म्हटले. पुढे १९५८ च्या कायद्याने ही कनिष्ठ गावकामगार वतने संपली. ज्या चळवळीने वतन नाकारले, तिने पायातल्या माणसाच्या इनामाचा अभिमान सांगावा, हे आम्हाला विसंगत वाटते.

याउलट भीमा कोरेगावचा स्तंभ पाहा. तोही दगडच. बांधला इंग्रजांनी, त्यांच्या फौजेच्या कौतुकासाठी. १ जानेवारी १९२७ रोजी बाबासाहेब तिथे गेले, आणि त्या दगडावर कोरलेली महार सैनिकांची नावे समाजाने स्वतःच्या डोळ्यांनी वाचायला घेतली. तिथली माणसे हातात शस्त्र घेऊन लढली होती. दगडाखाली गेलेला देह आणि दगडावर कोरलेले नाव यांतला फरक आपल्या मुलांना समजावून सांगता आला पाहिजे. पहिल्याबद्दल दुःख आणि संताप असावा, दुसऱ्याबद्दल अभिमान.

बाबासाहेबांची सहल

बाबासाहेबही सहलीला गेले होते. १९३४ सालची गोष्ट. चळवळीतल्या सहकाऱ्यांनी आग्रह धरला की कुठेतरी फिरून येऊ. वेरूळची बौद्ध लेणी पाहायचीच असे ठरले. सगळे जण नाशिकला जमले आणि तीसेक जणांचा हा जथा औरंगाबादकडे निघाला. तो मुलूख निजामाचा. वाटेत अडचण नको म्हणून आपली ओळख जाहीर करायची नाही असेही ठरले होते.

दौलताबादचा किल्ला वाटेवरच. यादवांची देवगिरी, मुहम्मद तुघलकाने दिल्लीहून राजधानी हलवली ती जागा. महिना रमजानचा होता. दिवसभराच्या प्रवासाने अंगावर धूळ बसलेली. किल्ल्याच्या दरवाज्याबाहेर काठोकाठ भरलेला हौद दिसला आणि काही जणांनी हातपाय, तोंड धुतले. मंडळी आत जायला निघाली तेवढ्यात मागून आरडाओरडा करत जमाव आला. अस्पृश्यांनी हौद बाटवला, अशी ओरड झाली. बाहेरून आलेल्यांना शिव्या, स्थानिक अस्पृश्यांना शिव्या, मारामारीची वेळ. उद्या आमच्यातला कोणी मुसलमान झाला तर त्यालाही पाणी नाकाराल का, असे बाबासाहेबांनी विचारले आणि समोरची माणसे निरुत्तर झाली. शेवटी किल्ला पाहायची परवानगी मिळाली ती एका अटीवर. आत कुठेही पाण्याला हात लावायचा नाही. अट पाळली जाते की नाही हे पाहायला सोबत एक हत्यारबंद शिपाई दिला गेला.

बाबासाहेबांच्या सहलीचा गाईड तो! त्याच्याकडे सांगायला इतिहास नव्हता. त्याच्याकडे बंदूक होती आणि डोळे पाण्यावर होते. महाडच्या चवदार तळ्याला सात वर्षे झाली होती. कोलंबिया आणि लंडनच्या पदव्या झाल्या होत्या, गोलमेज परिषद झाली होती. तरी कोरड्या मुलखातल्या किल्ल्यावर त्यांची ओळख एकच उरली, पाणी बाटवणारा.

हा प्रसंग उचलून काही लोक तो मुसलमानांच्या विरोधात वापरतात. त्यांनी ते लिखाण पूर्ण वाचावे. ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ या नावाने १९९० मध्ये पीपल्स एज्युकेशन सोसायटीने ते पुस्तिका म्हणून छापले. त्यात बडोद्याची पारशी खानावळ आहे, चाळीसगावचा टांगा आहे, लहानपणी मसूर स्टेशनावरून केलेला बैलगाडीचा तहानलेला प्रवास आहे. हिंदूंनी लावलेला हा रोग इतर धर्मीयांनाही कसा जडला, हे बाबासाहेबांना दाखवायचे होते. आम्हाला त्यात आणखी एक गोष्ट दिसते. अस्पृश्यता म्हणजे काय हे परदेशी माणसाला समजावे म्हणून त्यांनी हे लिहिले आणि त्यासाठी प्रवासातले प्रसंग निवडले. स्टेशन, गाडी, खानावळ, किल्ला. परदेशी पाहुणा जिथे जिथे जातो नेमक्या त्याच जागा. सरकारी गाईड ज्या देशाची फेरी घडवत नाही, त्या देशाची फेरी बाबासाहेबांनी स्वतः घडवली. आपल्यासाठी गाईड या कामाचा पहिला धडा तो आहे.

पाण्याचा प्रश्न तिथेच थांबला असता तर बरे झाले असते. राजस्थानातल्या जालोर जिल्ह्यात २०२२ मध्ये नऊ वर्षांच्या दलित विद्यार्थ्याचा मृत्यू झाला. शाळेतल्या पाण्याच्या माठाला हात लावला म्हणून शिक्षकाने मारले, असा आरोप कुटुंबाने केला. माठ होता की नव्हता यावरच मग वाद घालण्यात आला. त्याच राज्यातल्या विहिरी, बारवा आणि तलाव दाखवताना राजांच्या दूरदृष्टीचे कौतुक होते. कौतुक जरूर करा. बांधकाम थक्क करणारेच आहे. पण पाणी साठवले किती याबरोबर ते कोणाला पिऊ दिले, हेही सांगा. खोदणारे हात कोणाचे होते आणि त्याच हातांना नंतर पायऱ्या उतरू दिल्या का, हेही सांगा.

कोपरगावात उभे राहून

आता आपल्या गावाकडे येऊ. कोपरगाव वाळवंट नव्हे, पण पर्जन्यछायेतला हा अवर्षणप्रवण मुलूख. गोदावरी काठाशी असूनही नळाला रोज पाणी न येणारे हे शहर. शिर्डीला येणाऱ्या भाविकांपैकी काही जण उरलेल्या अर्ध्या दिवसात इकडे वळतात. त्यांना दोन गोष्टी सांगितल्या जातात, राघोबादादाचा वाडा आणि बेटातले शुक्राचार्यांचे मंदिर. या दोन्ही जागा आम्हाला आजच्या विषयासाठी फार मोलाच्या वाटतात.

सालबाईच्या तहानंतर रघुनाथराव पेशवा निवृत्तिवेतन घेऊन कोपरगावी येऊन राहिला आणि डिसेंबर १७८३ मध्ये इथेच वारला. त्याचे नाव निघाले की लगेच ‘ध’चा ‘मा’ आठवतो. पुतण्या नारायणरावाला ‘धरावे’ असा हुकूम होता, एक अक्षर बदलून ‘मारावे’ केले आणि १७७३ मध्ये शनिवारवाड्यात खून झाला, असे म्हणतात. कथा खरी असो नसो, मराठी माणसाने तिच्यातून एक शहाणपण घेतले की एका अक्षराने माणूस मरतो. पायातल्या माणसाच्या बाबतीत उलटा प्रकार झाला. माणूस आधी मारला आणि मग ‘बळी’ला चार अक्षरी ‘बलिदान’ केले. हाही ‘ध’चा ‘मा’च. नारायणरावासाठी मराठी मुलूख अडीचशे वर्षे हळहळतो. त्याच पेशवाईत पुण्याच्या रस्त्यावर अस्पृश्याला गळ्यात मडके आणि कमरेला झाडू बांधून चालावे लागे, हे बाबासाहेबांनी ‘जातिनिर्मूलना’त नोंदवले. वाडा दाखवताना ती हळहळ कोणाला होत नाही.

दुसरी जागा बेट. इथे कच-देवयानीची गोष्ट सांगतात, संजीवनी विद्येची सांगतात. पण शुक्राचार्य आणखी एका गोष्टीत आहेत. ते बळीराजाचे गुरू. वामन तीन पावले जमीन मागायला आला तेव्हा ‘देऊ नकोस, हा फसवतो आहे’ असे बळीला सांगणारे एकटे शुक्राचार्य. बळी ऐकेना, दानाचे उदक सोडू लागला, तेव्हा पाणी अडवायला ते सूक्ष्म रूपाने झारीच्या तोटीत जाऊन बसले. वामनाने दर्भाची काडी खुपसली आणि त्यांचा डोळा फोडला. मग तिसरे पाऊल बळीच्या डोक्यावर आणि बळी पाताळात. म्हणजे पुन्हा तेच. वर एकाचे राज्य आणि पायाखाली गाडलेला दुसरा.

ही पुराणकथा आहे, इतिहास नव्हे, हे आम्ही स्पष्टच म्हणतो. पण कथा कोणाच्या बाजूने सांगितली जाते ते तपासता येते. जोतीराव फुल्यांनी १८७३ मध्ये ‘गुलामगिरी’त तेच केले आणि बळीला आपला राजा म्हणून परत आणले. शेतकरी बाया आजही इडापिडा टळो, बळीचे राज्य येवो म्हणतात, वामनाचे राज्य येवो असे कोणी म्हणत नाही. मात्र भाषेने शुक्राचार्यावर सूड उगवला. ‘झारीतला शुक्राचार्य’ म्हणजे चांगल्या कामात आडवा येणारा, असा वाक्प्रचार रूढ झाला. ज्याने गाडल्या जाणाऱ्याला वेळेवर सावध केले, ‘नाही म्हण’ असे सांगितले, तोच भाषेत खलनायक ठरला. गाडून घेणाऱ्याची स्तुती आणि नकार शिकवणाऱ्याची बदनामी. पायातल्या माणसाला बलिदानाचा हार घालणारी बुद्धी आणि झारीतल्या शुक्राचार्याला शिवी देणारी बुद्धी एकच आहे.

तिसरी जागा थोडी पुढे, नगर-मनमाड रस्त्यावर. येवला. पर्यटकांच्या गाड्या तिथे पैठणीसाठी थांबतात. कोणी तात्या टोपेंचे जन्मगाव म्हणून सांगतो. १३ ऑक्टोबर १९३५ रोजी बाबासाहेबांनी जिथे सांगितले की हिंदू म्हणून जन्मलो तरी हिंदू म्हणून मरणार नाही, त्या मुक्तिभूमीकडे फार थोड्या गाड्या वळतात. दौलताबादच्या हौदानंतर वर्षभराच्या अंतराने केलेली ही घोषणा. राजाराम मेघवालाला जो शब्द उच्चारता आला नाही, पुरंदरच्या पायातल्या जोडप्याला जो उच्चारता आला नाही, तो ‘नाही’ हा शब्द येवल्यात लाखोंच्या वतीने मोठ्याने उच्चारला गेला. एकवीस वर्षांनी, १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात तो पूर्ण झाला.

म्हणजे अर्ध्या दिवसाची एक फेरी आपल्या हाताशी तयारच आहे. सकाळी राघोबादादाचा वाडा, मग बेट, मग येवल्याची मुक्तिभूमी. शब्द कसा फिरवतात ते पहिल्या जागी, नकाराला खलनायक कसे करतात ते दुसऱ्या जागी आणि नकाराने इतिहास कसा घडतो ते तिसऱ्या जागी. हाताशी काही नसेल तर तक्रार करावी. आपल्याकडे दगड आहेत, रस्ता आहे, गोष्ट आहे. फक्त सांगणारा नाही.

सांगणारे आपण

दक्षिण आफ्रिकेतल्या रॉबेन बेटावर नेल्सन मंडेला अठरा वर्षे कैदेत होते. आज तो तुरुंग संग्रहालय आहे आणि तिथल्या कोठड्या दाखवणाऱ्यांत त्याच तुरुंगात शिक्षा भोगलेले राजकीय कैदी आहेत. त्यांनी तुरुंग पाडला नाही. त्यांनी तो सांगण्याचा अधिकार हातात घेतला. आम्ही आपल्या तरुणांना हेच सुचवतो. प्रत्येक तालुक्यात चार-पाच जणांनी आपल्या परिसराची अशी फेरी तयार करावी आणि सुट्टीच्या दिवशी वस्तीतल्या मुलांना, बचत गटाच्या महिलांना, बाहेरून आलेल्या पाहुण्यांना घडवावी.

मात्र काही पथ्ये पाळावी लागतील. कथा असेल तिथे ‘कथा आहे’ म्हणावे, कागद असेल तिथे कागद दाखवावा. त्यांच्या दंतकथेला आपली दंतकथा हे उत्तर होऊ शकत नाही. मोबाईलवर फिरणारा, पुरावा नसलेला अभिमान आपल्याला नको, कारण तो पहिल्या प्रश्नाला कोसळतो आणि सोबत खऱ्या गोष्टींनाही बदनाम करतो. प्रत्येक जागी पाणी कोणाचे होते ते विचारावे. प्रत्येक ‘बलिदाना’पुढे नकाराची कसोटी लावावी. आणि फेरी भूतकाळात संपवू नये. इथून जवळच्या शिर्डीत, जिथे देशभरातून माणसे येतात, तिथे २०१५ च्या मे महिन्यात बाबासाहेबांवरच्या गाण्याची रिंगटोन वाजली म्हणून एका तरुणाला ठार मारल्याची घटना घडली. आपल्या फेरीत तेही सांगितले गेले पाहिजे.

‘सहलीला आलात तर मजा करा की, तिथेही जात कशाला?’ असे आपल्याच गाडीतला कोणीतरी म्हणेल. त्याला शांतपणे सांगावे की जात आम्ही सोबत आणलेली नाही. ती पायात आधीपासून पुरलेली आहे, आम्ही फक्त तिच्यावर उभे राहून फोटो काढायला नकार देतो. गाईडशी भांडू नये. तोही पोटासाठी पाठ केलेले बोलतो आणि उन्हात दिवसातून चार वेळा तोच चढ चढतो. त्याला आदराने एकच प्रश्न विचारावा, ‘दादा, तो माणूस नाही म्हणाला असता तर?’ उत्तर मिळो न मिळो, सोबतचे वीस-पंचवीस जण तो प्रश्न ऐकतील. त्यांतले दोघे-तिघे तो घरी घेऊन जातील.

कोणी आम्हाला यासाठी झारीतले शुक्राचार्य म्हणेल. खुशाल म्हणो. बळी पुन्हा पाताळात जाऊ नये म्हणून कोणीतरी त्या तोटीत बसायलाच हवे.

जय भीम!